हक्काचा प्रश्न आणि मोकळा रस्ता

हसणार असाल तर खुशाल हसा, माझं रडून झालंय!

मी इतिहासाचा प्राध्यापक. निवृत्तीनंतर डोक्यात भलतंच शिरलं. हक्क, सत्ता, राज्य असले जड विषय माहितीपटातून लोकांपर्यंत न्यायचे! पहिला विषय: शहर कोणाचं? मी अर्थातच फेरीवाल्यांच्या बाजूने.

कॅमेरामनला घेऊन रोडपालीच्या बाजारात गेलो. पडद्यावर भारदस्त दिसावं म्हणून कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट, काळी पँट. आता सांगा, मी कोण वाटलो असेन?

मासे विकणाऱ्या हिराबाईंसमोर वाकलो आणि घनगंभीर आवाजात विचारलं, "या रस्त्यावर बसायचा हक्क तुम्हाला कोणी दिला?"

बाईंची कोयती थांबली. "सायेब, आमी रोज नाय बसत."

"रोज बसा हो! पण कोणत्या अधिकाराने?"

"उठतो ना सायेब, उठतो!"

"उठू नका! मला या प्रश्नाच्या मुळाशी जायचंय!"

पलीकडच्या भाजीवाल्याने तेवढंच अर्धवट ऐकलं. "अतिक्रमणवाले आले रे! मुळासकट काढणार म्हणतायत!"

झालं! टोपल्या उचलल्या, ताडपत्र्या गुंडाळल्या. मी मागे धावतोय, "अहो, प्रश्न तात्त्विक आहे!" माझ्यामागे कॅमेरा धावतोय. कोण थांबणार? बघता बघता रस्ता ओस. उरले चिरडलेले टोमॅटो आणि हिराबाईंची एक चप्पल. ती हातात धरून मी उभा.

आठवडा गेला. हिराबाई काही परत आल्या नाहीत. आणि बाजारासमोरच्या सोसायटीच्या अध्यक्षांनी मला क्लबहाऊसवर बोलावलं. वाटलं, जाब विचारणार. बरंच झालं, चारचौघांत माफी तरी मागता येईल!

तर काय? शाल आणि श्रीफळ!

"इतकी वर्षं आपण तक्रारी करतोय," अध्यक्ष म्हणाले, "सरांनी एका प्रश्नात रस्ता मोकळा केला!"

टाळ्यांचा कडकडाट. वर्गात कधी मिळाला नव्हता एवढा!

मी माईक घेतला. म्हटलं, मी त्यांना उठवायला गेलोच नव्हतो. या शहरावर तुमच्याइतकाच त्यांचाही हक्क आहे. बोलत सुटलो. काही जणांनी तर माना डोलावल्या. मनात म्हटलं, पोचलं बुवा एकदाचं तत्त्वज्ञान लोकांपर्यंत!

खाली उतरलो. अध्यक्षांनी माझा हात घट्ट धरला आणि कानाशी येऊन म्हणाले, "सर, भाषण झकास! रविवारी शेजारच्या सेक्टरवाल्यांनीही बोलावलंय तुम्हाला. फक्त तिथे भाषण नको. तेवढा प्रश्न विचारा, बास!"