साडू आणि पांढराशुभ्र फिल्टर

नेदरलँड्समधल्या समस्त मराठी बंधुभगिनींना अत्यंत गांभीर्यानं कळवण्यात येतं की, आपल्या दिवाणखान्याच्या कोपऱ्यात घूं घूं करत उभ्या असलेल्या एअर प्युरिफायरचा फिल्टर शेवटचा कधी बदलला, हे ज्यांना चटकन सांगता येत नसेल, त्यांनी हातातला चहाचा कप खाली ठेवावा आणि पुढचा मजकूर नीट बसून वाचावा. ही बाब हसण्यावारी नेण्यासारखी नाही. मी ती नेली, आणि त्यापायी तीन महिन्यांसाठी हौसेनं आलेल्या माझ्या सासूबाई पाचव्या आठवड्यातच परत जायची भाषा करू लागल्या. पण ते येईलच पुढे. आधी माझ्या साडूंविषयी सांगायला हवं. साडू म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. मी पूर्ण जबाबदारीनं सांगतो, दुसऱ्याच्या घरातल्या हवेवर इतकं निःस्वार्थ आणि इतकं जाचक प्रेम करणारा माणूस या पृथ्वीतलावर दुसरा झालेला नाही.

साडू आइंडहोवनला चिप बनवण्याच्या यंत्रांवर काम करायचे. ऑफिसात त्यांचा दिवस अशा एका खोलीत जाई, जिथे शिरण्याआधी डोक्यापासून पायापर्यंत पांढरा झगा चढवावा लागतो आणि जिथे धुळीचा एक कण सापडला तर चौकशी बसते. संध्याकाळी तो झगा तिथेच राही, पण साडू आतून झग्यातच घरी येत. कुणाच्याही घरी गेले की यजमानांशी हात मिळवण्याआधी ते प्युरिफायरशी हात मिळवत. म्हणजे त्याच्या वरच्या जाळीवर तळहात धरून, डोळे मिटून, वैद्यानं नाडी पाहावी तसे उभे राहत. मग खिशातून पातळ टिश्यू काढून मशीनच्या पोटाशी धरत. टिश्यू चिकटला तर "ओढ आहे," म्हणत आणि मगच बूट काढत. गळून पडला तर "ओढ गेली" हे दोन शब्द ते अशा आवाजात उच्चारत की घरातली माणसं नकळत आपसांत हळू बोलायला लागत. जुना फिल्टर बाहेर काढला की नाकाशी नेऊन, मंडईत खरबूज पारखावं तसा त्याचा वास घेत. नवा घालताना त्याच्या कडेवर मार्करनं तारीख लिहीत, लोणच्याच्या बरणीवर लिहितात तशी. आणि जुना स्वयंपाकघरातल्या वजनकाट्यावर ठेवून बायकोला, म्हणजे माझ्या मेहुणीला, हाक मारत, "अगं, ये, बघ! एकवीस ग्रॅम वाढलंय याचं! हे सगळं आपल्या दोघांच्या छातीत जाणार होतं." मेहुणी आतून म्हणे, "त्या काट्यावर मी साखर मोजते हो!"

फिल्टर कधी बदलायचा यावर त्यांचं स्वतःचं पंचांग होतं. एक गुढीपाडव्याला, एक दसऱ्याला. यात धर्म किती आणि विज्ञान किती ते त्यांनाच ठाऊक, पण तर्क मात्र बिनतोड असे. पाडव्याच्या सुमारास इथे बर्चची झाडं परागांचा मारा सुरू करतात, आणि दसऱ्याच्या सुमारास खिडक्या बंद होऊन हीटिंग चालू होतं, शेजारपाजारी लाकडाच्या शेगड्या पेटतात. दोन्ही मोसमांना मशीन भरल्या पोटानं नाही, रिकाम्या पोटानं सामोरं जायला हवं. खंडेनवमीला लोक हत्यारं पुजतात, साडू प्युरिफायरला हळदकुंकू लावून झेंडूचं फूल वाहत. फुलाच्या पाकळ्या जाळीला जाऊन चिकटल्या की कृतार्थ चेहऱ्यानं वळून म्हणत, "पाहिलंत? प्रसन्न आहे."

मशीनवरच्या दिव्याचा मात्र त्यांना मनस्वी तिटकारा. "अहो साडूसाहेब, तो दिवा तास मोजतो, धूळ नाही मोजत. घरात रोज मिरच्यांची फोडणी होतेय की घरातली माणसं दोन महिने भारतात गेलीयत, त्याला काय कळतंय? दिव्याला विचारू नका, फिल्टरला विचारा." फिल्टरला विचारायचं म्हणजे काय, तेही ते फोड करून सांगत. काल तळलेल्या पुऱ्यांचा वास आज सकाळीही येत असेल तर आतला कोळशाचा थर संपला. आवाज वाढला आणि वारा कमी झाला तर बारीक जाळी तुंबली. तुंबलेलं मशीन वीज खातं, दमतं आणि हवा मात्र आहे तिथेच ठेवतं. बाहेरची जाडी जाळी दर पंधरा दिवसांनी व्हॅक्यूमनं साफ करावी, पण आतल्या फिल्टरला पाणी दाखवू नये. मास्ट्रिख्टला पीएचडी करणाऱ्या एका ओळखीच्या मुलीनं काटकसर म्हणून तो साबणात धुतला आणि बाल्कनीत दोरीवर वाळत घातला. फोनवर हे ऐकून साडू आधी खुर्ची ओढून खाली बसले. मग म्हणाले, "ठीक आहे. झालं ते झालं. तू जेवलीस का?"

आता माझ्या अपमानाकडे वळतो. आम्ही राहतो बाडहूव्हडॉर्पला, विमानतळाच्या कुशीत. त्या वर्षी दिवाळीच्या फराळाला आमच्याकडे पंधराएक माणसं आली होती. मी पाहुण्यांना विमानं आणि मराठी माणूस या विषयावर एक रंगतदार किस्सा सांगत होतो. तो ऐन रंगात आला असताना साडू आतल्या खोलीतून आले. त्यांच्या हातात ट्रे होता, आणि ट्रेमध्ये चकल्यांच्या शेजारी आमच्या प्युरिफायरचा दीड वर्ष न बदललेला, तव्याच्या बुडासारखा काळाकुट्ट फिल्टर. "मंडळी," ते म्हणाले, "आपण आत्ता जे श्वासात घेतोय, ते हे." पंधरा माणसांनी हातातले अनारसे एकदम खाली ठेवले. माझा किस्सा अर्धवट राहिला तो राहिलाच. पाहुणे गेल्यावर मी साडूंना दारात गाठून सांगितलं, "यापुढे माझ्या मशीनला हात लावलात तर आपलं नातं फक्त लग्नपत्रिकेवर छापण्यापुरतं!" त्यांनी मान डोलावली आणि शब्द पाळला. मीही पुढच्याच आठवड्यात हट्टानं नवा फिल्टर आणला, स्वतःच्या हातानं बसवला आणि झाकण असं काही आपटलं की तो आवाज आइंडहोवनपर्यंत गेला असावा.

मार्चअखेर सासूबाई आल्या. वय शहात्तर, पूर्वीपासून थोडा दमा, पण जिभेला आणि उत्साहाला त्याची बाधा नाही. पहिले दोन आठवडे साडूंकडे होत्या, ठणठणीत होत्या. आमच्याकडे आल्या आणि चौथ्या दिवसापासून नाक बंद, डोळे लाल, पहाटे खोकल्याची उबळ. हाउसार्ट्स, म्हणजे आमच्या फॅमिली डॉक्टरीणबाई, म्हणाल्या की छातीत संसर्ग नाही, हा परागांचा आणि धुळीचा त्रास आहे. त्यांनी नाकात मारायचा स्प्रे दिला, नेहमीचा पंप चालू ठेवायला सांगितलं. थोडा फरक पडला, पण थोडाच. तिसऱ्या शुक्रवारी सासूबाई धापा टाकत म्हणाल्या, "अगं, मला जेवणाला चव लागत नाही, झोप नाही. तुम्हाला तरी किती त्रास? तिकीट बदला माझं. मंगळवार सकाळपर्यंत बघते, नाहीतर जाते मी." बायकोनं लॅपटॉपवर तिकिटाचं पान उघडलं आणि उघडंच ठेवलं. या वयात आई परत गेली की पुन्हा इतक्या लांब येणार नाही, हे तिला कळत होतं आणि मलाही.

मी बागेत जाऊन साडूंना फोन लावला. अभिमान गिळायला मला दोन मिनिटं लागली, तेवढा वेळ ते बिचारे "हॅलो, हॅलो" करत राहिले. मग मी सासूबाईंचं सगळं सांगितलं आणि त्यांनी चौकशी सुरू केली.

"प्युरिफायर चालू आहे?"

"चोवीस तास! हिरवा दिवा आहे."

"दिवा राहू द्या. फिल्टर कधी घातला?"

"दिवाळीच्या त्या फराळानंतर. पाच महिने झाले. आणि साडूसाहेब, सांगायला आनंद होतो, आत्ताच उघडून पाहिला, अजून पांढराशुभ्र आहे!"

पलीकडे खुर्ची ओढल्याचा आवाज आला. मास्ट्रिख्टच्या मुलीनं ऐकला होता तसाच.

"पाच महिन्यांनी," ते हळूच म्हणाले, "विमानतळाशेजारी, रोजच्या फोडण्यांच्या घरात, पांढराशुभ्र?" मग म्हणाले, "मी येतोय."

शनिवारी दुपारी ते आले. ट्रेन आणि बस करत, काखेत ढोलकीएवढा नवाकोरा फिल्टर घेऊन. ट्रेनमध्ये एका डच आजींनी कुठे कार्यक्रम आहे म्हणून विचारलं होतं म्हणे. बायको आणि सासूबाई वरच्या मजल्यावर होत्या. साडूंनी मशीनपुढे मांडी घातली, माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, "लावू का हात?" मी मान डोलावली. त्यांनी झाकण काढलं, फिल्टर बाहेर घेतला आणि त्यावर नखानं टिचकी मारली. चुर्र असा आवाज झाला.

प्लास्टिक होतं. कारखान्यातून येताना फिल्टरला घट्ट चढवलेली पारदर्शक पिशवी मी तशीच ठेवून आख्खा फिल्टर आत बसवला होता. आता यात मला दोष द्यायचा असेल तर माझ्या सात पिढ्यांना द्यावा लागेल. आमच्या घराण्यात नव्या वस्तूचं प्लास्टिक आपण होऊन काढत नाहीत, ते त्याच्या मरणानं जातं. आमच्या रिमोटच्या अंगाला अजून वारा लागलेला नाही. ओव्हनच्या काचेवरची फिल्म कडेनं सुटते, ती मी अंगठ्यानं परत चिकटवतो. फिल्टर उघडा ठेवून खराब करायचा, हे माझ्या मनाला शिवलंही नव्हतं. म्हणजे पाच महिने ते मशीन तोंडाला पिशवी बांधून नुसतं गुरगुरत होतं आणि वर हिरवा दिवा दाखवत होतं.

मी वाट पाहत राहिलो. ट्रे स्वयंपाकघरातच होता. दिवाळीचा हिशोब पुरा करायला याहून चांगली संधी कुणाला मिळाली नसती. तेवढ्यात जिन्यावर पावलं वाजली. साडूंनी ती पिशवी अशी चपळाईनं उतरवली, चुरगळली आणि स्वतःच्या जाकिटात कोंबली की माझा डोळा लवेपर्यंत सगळं आटोपलं होतं. बायको खाली आली. "काय झालंय हो भावोजी?"

"काही नाही," साडू म्हणाले. "फिल्टरनं काम दिलं नाही. होतं असं कधी कधी. आता दुसरा घालतो." माझ्याकडे त्यांनी पाहिलंसुद्धा नाही. फक्त नव्या फिल्टरचं प्लास्टिक काढायला तो माझ्या हातात दिला.

मग त्यांनी मशीन सोफ्यामागून काढून सासूबाईंच्या खोलीत नेलं, भिंतीपासून हातभर दूर ठेवलं, दार लोटायला लावलं. उशांचे अभ्रे धुवायला टाकले. खिडकी दुपारी बंद ठेवून पाऊस पडून गेल्यावर दहा मिनिटं उघडायची, असं ठरवून दिलं. "आणि आई," त्यांनी बजावलं, "हे औषध नाही. स्प्रे आणि पंप डॉक्टरांनी सांगितलाय तसाच घ्यायचा. हे फक्त वाटेतला कचरा उचलणार." दोन दिवसांची रजा टाकून ते आमच्याकडेच राहिले. सोफ्यावर पाय दुमडून झोपत आणि सकाळी उठून आधी टिश्यू घेऊन वर जात.

आता साडू आणि मेहुणी कायमचे पुण्याला परत गेलेत. पाडव्याला आणि दसऱ्याला फिल्टर मीच बदलतो, कडेवर तारीख घालतो आणि त्यांना फोटो पाठवतो. त्यांचं उत्तर एका ओळीत येतं, "रीसेटचं बटण दाबलंत का?" मी दाबलेलं असतं. तरी "नाही, विसरलो" असं कळवतो, म्हणजे त्यांचा फोन येतो. त्या पिशवीचं त्यांनी कुणाला सांगितलं नाही, मेहुणीलाही नाही. मीच आज पहिल्यांदा सांगतोय. सासूबाईंची ती इकडची शेवटची खेप ठरली. नंतर डॉक्टरांनी लांबचा प्रवास नकोच म्हटलं. म्हणून त्या मंगळवारची सकाळ मला जपून ठेवावीशी वाटते.

त्या सकाळी आम्ही तिघं खाली स्वयंपाकघरात होतो. पहाटे खोकला ऐकू आला नव्हता, पण तसं मोठ्यानं म्हणायची कुणाची हिंमत नव्हती. टेबलावर लॅपटॉप उघडा होता. साडू चहाचा कप दोन्ही हातांत धरून जिन्याकडे बघत होते. बायकोनं आमटीला फोडणी दिली, पण तिचं लक्ष ठिकाणावर नव्हतं. वर दार उघडल्याचा आवाज आला. आम्ही श्वास रोखून बसलो. सासूबाई जिन्याच्या वरच्या पायरीवर थांबल्या, त्यांनी नाकानं एक लांबलचक, मोकळा श्वास ओढला आणि तिथूनच ओरडल्या, "अगं ए, फोडणीत हिंग घालायला विसरलीस ना!"