रूतमावशीच्या नावाचे स्कोन

मायवोर दर शनिवारी सकाळी स्कोन करायची. राय या धान्याचं पीठ, थोडा मैदा, बेकिंग पावडर, मीठ, शहाजिरं, लोणी आणि घट्ट ताक. यीस्ट नाही, म्हणून पीठ फुगायची वाट बघणं नाही. फार मळायचं नाही, एवढं सांभाळलं की झालं. जाड भाकरीसारखे थापायचे, सुरीनं चार चतकोरांच्या रेघा ओढायच्या, काट्यानं टोचायचं आणि तापल्या ओव्हनमध्ये पंधरा मिनिटं.

ऑगस्टमधल्या एका शनिवारी घरातलं शहाजिरं संपलं, म्हणून तिनं बडीशेप घातली. सगळं सुरू झालं ते तिथून.

तिची सासू तेक्ला अठ्ठ्याऐंशी वर्षांची. उन्हाळाभर ती कॉफीत बुडवलेल्या बिस्किटांवर दिवस काढत होती. त्या सकाळी तिनं एक चतकोर उचलला, हुंगला, संपवला आणि म्हणाली, "रूतनं पाठवलेत."

रूत तिची धाकटी बहीण, तळ्यापलीकडच्या गावात राहणारी, स्कोनमध्ये नेहमी बडीशेप घालणारी. दोघींत अकरा वर्षं बोलणं नव्हतं. रूतच्या नवऱ्याला पुरलं त्या दिवशी तेक्लाचं गवत शेतात वाळून पडलं होतं नि आभाळ भरून आलं होतं. ती गवत भरत राहिली, चर्चमध्ये गेलीच नाही.

"नाही आई, मीच केलेत," एवढंच म्हणायचं होतं. पण तेक्लानं दुसरा चतकोर घेतला, त्यावर लोणी आणि चीज ठेवलं. "राग गेला म्हणायचा तिचा," ती म्हणाली. मायवोरनं तोंडात मिठाची गुळणी धरली.

मग दर शनिवारी बडीशेप पडत गेली. "रूतकडून ना?" सासू विचारायची आणि मायवोर कॉफी ओतायची. गप्प राहू नये अशी बायबलात काही आज्ञा नाही, अशी ती मनाची समजूत घाली. पण चर्चमध्ये सगळे पापाची कबुली म्हणत, तेव्हा तिचे नुसते ओठ हलत.

ऑक्टोबरात तेक्ला म्हणाली, "उद्या रूतला कॉफीला आण. आभार मानायचेत तिचे."

"तिचे गुडघे दुखतात, आई."

"माझे काय नाचतात? गाडी आहे ना तुझी?"

मायवोर त्याच सकाळी तळ्याला वळसा घालून गेली. रूतनं दार उघडलं. "कोण मेलं?"

"कुणी नाही, मावशी."

"मग असं तोंड करून का आलीस?"

मायवोरनं उभ्याउभ्याच सगळं सांगितलं. रूतनं शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे तीन महिने मी तिला माफ करतेय आणि मलाच पत्ता नाही."

"चुकलं माझं."

"सासूला फसवलंस, ते तुझं तू बघ. पण माझ्या नावानं?" तिनं फळीवरून परात काढली. "उद्या मी येणार नाही. तुझं पापही मी फेडत नाहीये, समजलीस? पण माझ्या नावावर काही जायचं असेल, तर ते माझ्या हातचं जाऊ दे."

"बडीशेप कुठं असते तुमच्याकडे?"

"कवळी बसवल्यापासून बंद. दाणे अडकतात."

मायवोरला पुढचं सगळं दिसलं. पण त्या स्वयंपाकघरात सूचना करायचा हक्क तिला उरला नव्हता. दोघी ओव्हनसमोर बसून राहिल्या. रूतनं एकदाच विचारलं, "खाते का ती नीट?"

घरी पोचली तेव्हा फडक्यातले स्कोन अजून कोमट होते. तेक्लानं सावकाश चावलं. "हे रूतचे नव्हेत," ती म्हणाली. "हे तू केलेस."

'हो' म्हटलं असतं तर सुटली असती. तो शब्द मायवोरच्या जिभेवर आलाही होता.

"आई, रूतमावशीचे हेच आहेत. आधीचे सगळे माझे."

"सगळे?"

"सगळे."

तेक्लानं चतकोर बशीत ठेवला. "मी दर शनिवारी देवाचे आभार मानत होते, मायवोर."

मायवोर टेबलक्लॉथच्या कडेकडे बघत उभी राहिली.

"आणि हे? हे तिनं कळल्यावर केले?"

"कळल्यावर."

"फोन आण. दार लावून जा."

मायवोर बाहेर गेली आणि ऐकू येऊ नये म्हणून नळ सोडून धुतलेलीच भांडी पुन्हा धूत राहिली. अर्ध्या तासानं तेक्लानं हाक मारली. नाक लाल झालं होतं, बशी रिकामी होती.

"उद्या येत नाही म्हणते. बुधवारी येईल. घ्यायला जावं लागेल तुला."

"जाईन, आई."

"आणि तुला माफ केलं असं समजू नकोस. आमच्या घराण्यात त्याला वेळ लागतो."

"ठाऊक आहे," मायवोर म्हणाली, आणि तिनं बशी उचलली.