तात्यांचं स्मार्ट

कर्जतच्या लोको शेडमध्ये दोन ढीग रोज वाढायचे, एक राखेचा आणि दुसरा किस्स्यांचा. राख निदान वॅगनमध्ये भरून बाहेर जायची. किस्से मात्र माझ्या टाइमकीपरच्या टेबलाभोवतीच साचून राहायचे. घाटात विजेची इंजिनं यायच्या आधीची ही गोष्ट. एकट्या ‘स्मार्ट’ या शब्दाने तेव्हा आमची जी फजिती केली, ती आठवली की अजून हसू येतं.

*

नवा फोरमन साहेब आला. मराठीचा गंध नाही. आमचे हेडक्लार्क तात्या त्याचे दुभाषी झाले. नेमलं कुणी? त्यांनी स्वतःच!

मेल स्टेशनात येऊन थांबलेली. घाट चढायला तिला मागून इंजिन लावायचं होतं. साहेब ओरडला, “लुक स्मार्ट!”

तात्यांनी हुकूम सोडला, “साहेब म्हणतात, देखणे दिसा!”

झालं! कुणी टोपी झटकली, कुणी मिशी सारखी केली, एकाने तर नळावर जाऊन तोंडच धुतलं. ‘अरे, हात चालवा’ असं साहेबाने खुणांनी सांगेपर्यंत मेल तिथेच खोळंबलेली!

*

कोंडाणे गावचा रामा आमच्याकडे इंजिनात कोळसा टाकणारा फायरमन होता. कामाला वाघ, पण तोंडाने फटकळ. एकदा त्याने काहीतरी उलट उत्तर दिलं, तेव्हा साहेब खेकसला, “डोन्ट बी टू स्मार्ट!”

तात्या म्हणाले, “रामा, फार देखणा होऊ नकोस म्हणतात.”

रामाने कोळशाने माखलेले आपले हात पाहिले. “मंग आमाला दर म्हयन्याला साबण कशापायी देतात वो?”

*

पण हाच रामा पुढे बेजार झाला. बोगद्यांतल्या धुराने त्याचे डोळे सदा लाल, सारखं पाणी गळायचं. “तात्या, आंधळा झालो तर पोरं कोन पोसंल?” असं म्हणायचा. साहेब तसा वाईट नव्हता. डॉक्टरने लिहून दिलं तर रामाला घाटातून काढून यार्डात घेतो, असं त्याने कबूल केलं होतं.

रामा रेल्वेच्या डॉक्टरकडे जाऊन आला. मागोमाग ऑफिसात चिठ्ठी आली. तिच्यावर तीनच शब्द, “बोथ आइज स्मार्ट.”

तात्यांनी चिठ्ठी दोनदा वाचली. त्यांनाही वाईट वाटलं. “रामा, दोन्ही डोळे एकदम तरतरीत आहेत म्हणे!”

“तरतरीत?” रामाने डोळे पुसले. “मंग सायबाला दावायची गरजच नाय.”

चिठ्ठी फायलीत गेली आणि रामा डोक्याला फडकं बांधून पुन्हा घाटात गेला.

*

पंधरा दिवसांनी मोठे साहेब तपासणीला आले आणि शेऱ्यांच्या वहीत लिहून गेले, “हेडक्लार्क स्मार्ट.” तात्या जमिनीला पाय लावेनात! या शब्दाचे असतील नसतील ते सगळे अर्थ त्यांना आपल्या जावयाला ऐटीत कळवायचे होते. म्हणून ते मला घेऊन जवळच दहिवलीला शाळेच्या मास्तरांकडे गेले. मास्तरांजवळ जाडजूड डिक्शनरी होती.

मास्तरांनी चष्मा लावला. “स्मार्ट. मूळ अर्थ, झोंबणे, चुरचुरणे. मग झोंबणारं बोलणं. मग तसं बोलणारा, म्हणजे हुशार, चलाख. आणि टापटीप, देखणा हा अर्थ सगळ्यांत शेवटी आलेला.”

आतून मास्तरीणबाई म्हणाल्या, “अगंबाई, मग आमची लवंगी मिरची सगळ्यांत स्मार्ट!”

मी खो खो हसलो. तात्या हसले नाहीत. त्यांचा चेहरा पांढराफटक पडला होता. “चुरचुरणे,” ते पुटपुटले, “बोथ आइज...” आणि चहा तसाच टाकून ते तडक शेडकडे निघाले. त्या जाड माणसाला असं पळताना मी पहिल्यांदाच पाहिलं.

*

फायलीतली चिठ्ठी काढून तात्यांनी साहेबासमोर ठेवली आणि चूक आपलीच म्हणून सांगितलं. साहेब तात्यांवर खूप तापला, पण बदलीच्या कागदावर सही त्याने तिथल्या तिथे केली. तेवढ्यात रामाचं इंजिन घाटातून परत आलं. साहेब, तात्या आणि मागोमाग आलेला मी, तिघेही बाहेर गेलो.

तात्यांनी रामाचे दोन्ही हात धरले. “रामा, उद्यापासून तू यार्डात. अरे, डॉक्टरने तेव्हाच लिहिलं होतं, डोळे चुरचुरतात म्हणून. मला ते वाचताच आलं नाही रे! माझ्यापायी तू पंधरा दिवस धुरात राहिलास.”

रामाने डोक्याचं फडकं सोडून लाल डोळे पुसले.

“म्हंजे चिठ्ठीत सारं लिवलं व्हतं, नि तुमाला दिसलं नाय?”

“नाही रे.”

“मंग तात्या, डाक्तरला डोळे तुमी दावाया पायजे व्हते!”

सगळी शेड हसली. साहेबाला काही कळेना. त्याने तात्यांना विचारलं, “व्हॉट डिड ही से?”

तात्या कोटाच्या बाहीने डोळे पुसत होते.

“स्मार्ट, सर.”