स्टँडवरची घाण आणि देवरेबाईंची सही

ॲडव्होकेट मालतीबाई देवरे यांची आणि माझी ओळख एका गोंधळातून झाली. तो गोंधळ अजून पुरता मिटलेला नाही, हे त्यांच्या पंच्याहत्तरीच्या गौरव अंकात कबूल करायला हरकत नसावी.

नव्वदीच्या दशकातली गोष्ट. सुरतेत प्लेगची साथ येऊन गेली होती. मी धुळ्याहून नवी सनद घेऊन आलो होतो आणि सुरतेच्या कडेला भेस्तानला मावशीकडे राहत होतो. पहिल्या दिवशी काळा कोट चढवून बाईंच्या कचेरीत ज्युनिअर म्हणून गेलो, तर त्यांनी कागदातून मान वर न करताच सांगितलं, "कोट इथं ठेवा आणि बसस्टँडवर जाऊन या. तिथली घाण काढणं कोणाचं काम आहे, ते विचारा."

त्या स्टँडचं नाव लिहीत नाही. खानदेशाकडे जाणाऱ्या बसेस तिथून सुटत. स्वच्छतागृहाचं गटार फुटून पाणी थेट फलाटावर येत होतं आणि बायकांच्या बाजूला कुलूप होतं. मी बसखात्याच्या खिडकीवर विचारलं. खिडकीतले साहेब म्हणाले, "ए अमारामां नथी आवतुं." गटार शहराचं, म्हणून त्यांच्यात येत नाही. शहराच्या आरोग्य कचेरीत गेलो, तर ते म्हणाले की फाटकाच्या आतलं सगळं बसखात्याचं. पुन्हा खिडकीवर गेलो. दुपारपर्यंत चार फेऱ्या झाल्या. परत येऊन म्हणालो, "बाई, माफ करा, मला काहीच समजलं नाही. ती घाण कोणाचीच नाही."

बाई पहिल्यांदा हसल्या. "अगदी बरोबर समजलं तुम्हाला. आता हेच लिहा. आपला अर्ज हाच."

सार्वजनिक उपद्रव दूर करण्याचा हुकूम दंडाधिकारी देऊ शकतात, आणि माणसं अपुरी आहेत ही सबब खात्यांना पुढे करता येत नाही, हे मी पुस्तकात वाचलं होतं. ते घडताना पाहिलं बाईंमुळे. अर्जदार होत्या इंदूबाई, स्टँडवर शेंगदाणे विकणाऱ्या. दोन्ही खात्यांचे वकील नकाशे उलगडून हद्दीवर भांडत होते. दंडाधिकारी साहेबांनी वैतागून इंदूबाईंनाच विचारलं, हे पाणी कोणाचं? त्या अहिराणीत म्हणाल्या, "पानी मना पायजोडे येस. ते कोनं शे, हाई माले काय माहीत? वास ते माले येस." पाणी पायाशी येतं, वास मला येतो; ते कोणाचं हे मला काय ठाऊक, असं त्यांचं म्हणणं. साहेबांनी नकाशे बाजूला ठेवले. दोन्ही खात्यांनी मिळून महिन्याच्या आत स्टँड स्वच्छ करावा, असा हुकूम झाला. मी मावशीकडे पेढे नेले.

आठवड्याभरात इंदूबाई कचेरीच्या दारात उभ्या राहिल्या. डोक्यावर शेंगदाण्याची टोपली नव्हती. खात्यांनी गटाराला हात लावला नव्हता. इंदूबाईंसह फलाटावर विकायला बसणाऱ्या तीन बायकांना मात्र उठवलं होतं आणि अहवाल पाठवला होता की हुकुमाप्रमाणे अडथळे दूर केले. "बाई," इंदूबाई म्हणाल्या, "तुम्हीनच माले उठाडं का?"

बाईंनी अर्ज मागवला. शेवटच्या परिच्छेदात वाक्य होतं: 'फलाटावरील सर्व अडथळे दूर करावेत.' हुकुमात तेच शब्द जसेच्या तसे उतरले होते. आपण कोणाच्या बाजूनं लढलो, तेच कळेना. बाई इंदूबाईंना एवढंच म्हणाल्या, "हो. चूक आमच्याकडूनच झाली. उद्या माझ्याबरोबर चला."

दुसऱ्या दिवशी त्या दंडाधिकाऱ्यांसमोर उभ्या राहिल्या. "साहेब, हे वाक्य मी चुकीचं लिहिलं. त्याचा भलता अर्थ निघाला. गटार, स्वच्छतागृह, कचरापेट्या ही खात्यांची जबाबदारी आहे. या बायका उपद्रव नाहीत, त्या उपद्रव सोसणाऱ्या आहेत." समोरचे वकील उघड हसले. वीस वर्षं वकिली केलेली बाई भर कोर्टात 'मी चुकले' म्हणत होती. साहेबांनी दुरुस्ती केली आणि भिंतीलगत बायकांना जागा आखून द्यायला सांगितलं.

आता जे आजवर कोणाला सांगितलं नाही ते लिहितो. ते वाक्य माझं होतं. भारदस्त वाटलं म्हणून मीच घातलं होतं. परतताना रिक्षात मी बाईंना म्हणालो, "तुम्ही माझं नाव का नाही सांगितलं?"

"अर्जावर सही कोणाची आहे?"

"तुमची."

"मग शब्दही माझेच."

नंतर गटार बांधलं गेलं, कुलूप निघालं, इंदूबाई परत बसू लागल्या. उठवलेल्यांपैकी दुसरीनं भाजीची गाडी धरली. तिसऱ्या मात्र ऊसतोडीला चलथाणच्या साखर कारखान्याकडे निघून गेल्या होत्या. बाई त्यांना शोधत दोनदा तिकडे गेल्या. दुसऱ्यांदा भेट झाली, पण त्या परत आल्या नाहीत. काय बोलणं झालं, बाईंनी कधी सांगितलं नाही. मी एकदा विचारलं, "बाई, मग आपण तो खटला जिंकलो की हरलो?" त्या म्हणाल्या, "मलाही नीट सांगता येत नाही," आणि पुढची फाईल उघडली. त्यांनाही कळत नाही, याचा मला तेव्हा केवढा धीर वाटला!

त्यानंतर मला कावीळ झाली, तेव्हा याच बाई कोर्ट आटोपून रोज उसाचा रस घेऊन भेस्तानला येत. मावशीला वाटे, एवढ्या मोठ्या वकीलबाई आमच्या खोलीत कशा? मलाही ते कोडंच होतं.

बाईंना दीर्घायुष्य लाभो. त्यांचे गुडघे त्यांना कोर्टाचा जिना चढू देत, नजर अशीच राहू दे. आणि ज्युनिअरची चूक स्वतःच्या नावावर घेऊन ताठ मानेनं उभं राहणारा एखादा तरी वकील आमच्यातून त्यांच्या डोळ्यांदेखत घडो. मी अजून प्रयत्न करतो आहे. त्यासाठी बाईंनी आणखी पुष्कळ वर्षं आमच्यात असायला हवं.