पेटीतली शेरवानी

पोलीस अ‍ॅक्शननंतर शहर सोडून निघालेल्या एका जहागीरदारांकडून वडलांनी हातानं फिरवायचं सिनेमाचं यंत्र घेतलं. त्यांचा खानसामाही आमच्याकडंच कामाला आला.

एका रविवारी दुपारी खिडक्यांवर गोधड्या टांगून वडलांनी मुका विनोदी सिनेमा दाखवला. त्यात एक नोकर मालकाचा कोट घालून मेजवानीला बसतो आणि बडी मंडळी त्यालाच झुकून सलाम करतात. दाराशी उभा असलेला खानसामा डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसला.

"एवढं हसू कशाचं आलं त्याला?" आईनं मला स्वयंपाकघरात विचारलं.

वडील वकील. राज्य बदललं, कोर्टातून उर्दू उठली, तशी त्यांची शेरवानी पेटीत गेली होती. सिनेमानंतर आईनं पेटी उघडली, तर शेरवानीची घडी बदललेली. तिनं पेटीच्या कडीला काळा दोरा बांधला. तिसऱ्या दिवशी तो तुटला. खानसामा बाजारात गेल्यावर तिनं त्याची खोली उचकून पाहिली. काही सापडलं नाही. मग नवा दोरा बांधून मला, मॅट्रिकच्या पोरीला, दुपारी पहाऱ्यावर बसवलं. तोवर मीही खानसाम्यानं चहा दिला की त्याच्या हातांकडं बघायला लागले होते.

पुढच्या मंगळवारी वडील कोर्टातून जेवायला आले आणि आतल्या खोलीत गेले. दाराच्या फटीतून बघते तर ते आरशासमोर उभे. अंगात शेरवानी, गळ्यापर्यंत बटणं लावलेली, आणि हलक्या आवाजात उर्दूत युक्तिवाद चाललेला. इतक्या सफाईनं बोलताना त्यांना कित्येक दिवसांत ऐकलं नव्हतं.

"कोणी आलं नाही," मी आईला सांगितलं.

दोरा पुन्हा तुटलेला पाहून आईनं खानसाम्याला बोलावलं. "पेटीला हात कोण लावतं?"

तो मान खाली घालून उभा राहिला. तेवढ्यात वडील बाहेर आले.

"मीच लावतो," ते म्हणाले.

आईनं खानसाम्याकडं पाहिलं. "तुला ठाऊक होतं?"

"जी, बाईसाहेब. इस्त्री मीच करून द्यायचो."

"मग बोलला का नाहीस?"

"वकीलसाहेबांनी मना केलं होतं. अन् तुम्ही माझी खोली बघितली, तवा वाटलं, आता मी काय बी बोललो तरी झूटच वाटंल."

वडलांनी दोनदा थांब म्हटलं, तरी महिनाअखेर तो लासूर स्टेशनला एका व्यापाऱ्याकडं निघून गेला. आईनं वाटेसाठी दशम्या बांधून दिल्या. माफी मात्र तिला मागता आली नाही.

मी खोटं बोलले होते हे तिला कळलं होतं. पुढं बरेच दिवस ती काहीही विचारायची आणि उत्तर ऐकून झाल्यावरही माझ्या तोंडाकडं बघत राहायची.