एका बाजेवर

सावद्याच्या आमच्या गल्लीतली अक्का वाचनालयातून स्पेनच्या यादवी युद्धावरच्या कादंबऱ्या आणायची आणि संध्याकाळी ओट्यावर मोठ्यानं वाचायची. स्वयंपाकघर आलं की तिचा आवाज चढायचा, लढाई आली की पडायचा.

तिचे दोघे दीर केळीच्या पाण्याच्या पाळीवरून वर्षभर एकमेकांशी बोलत नव्हते. ओट्याच्या दोन टोकांना आपापल्या बाजेवर बसून ऐकायचे.

एकदा कादंबरीतले सख्खे भाऊ एकमेकांवर बंदुका रोखून उभे राहिले आणि अक्कानं पुस्तक मिटलं.

"पुढचं एका बाजेवर बसणाऱ्यालेच वाचून दाखवीन."

आठवडाभर पुस्तक मिटलेलंच राहिलं. मग एका संध्याकाळी धाकटा थोरल्याच्या बाजेपाशी येऊन म्हणाला, "भाऊ, सरक जरा."

अक्कानं चष्मा चढवला. त्या दिवशी तिनं लढाईही चढ्या आवाजात वाचली.