तुमसर सेंटरची उत्तरपत्रिका

आधीच सांगते, मी विज्ञान शिकवते. गावात कोणाच्या अंगात आलं की तोंडाला पदर लावून पहिली हसणारी मीच असायची. त्यामुळे हे लिहिताना माझं मलाच कसंतरी होतंय... पण माझ्या वकीलबाईंपासूनही लपवलेली एक गोष्ट आहे, ती कुठेतरी सांगून टाकायची आहे.

बी.एड.चा शेवटचा पेपर होता. आधीचे सगळे पेपर तुमसरला झाले, शेवटच्यासाठी सेंटर बदलून मोहाडी दिलं. आमचं गाव दोन्हींच्या मधे. सकाळी फाट्यावर उभी होते, तुमसरची बस आली आणि सवयीने माझा पाय पायरीवर पडला. मग आठवलं.

"बाई, चढून राहिली का उतरून राहिली?" कंडक्टर वैतागला.

उतरले. रस्ता ओलांडून मोहाडीची गाडी धरली, पेपर दिला. शेवटच्या प्रश्नाचं उत्तर काही केल्या आठवेना, तो कोराच सोडला.

निकालात माझ्या नावापुढे 'राखीव', म्हणजे निकाल रोखून ठेवलेला. परीक्षा विभागाचं म्हणणं — एकाच पेपरला मी दोन सेंटरवर हजर! तुमसरच्या जुन्या यादीत माझं नाव तसंच राहिलं होतं, आणि त्यापुढे सही होती, उत्तरपत्रिकाही होती. म्हणजे त्यांच्या मते मी एका ठिकाणी डमी बसवली. इकडे शहापूरच्या एका शाळेत माझी निवड झालेली. शाळा उघडायच्या आत निकालपत्र दाखवलं नाही तर जागा दुसऱ्याला जाणार होती. बाबा रोज एकच म्हणायचे, "तू काहून घाबरून राहिली वो? तू तं मोहाडीलेच होती ना?"

होते. पण तेच ते दहादा विचारलं की आपलं आपल्यालाच खरं वाटेनासं होतं.

नागपूरला केस टाकली. कोर्टाने दोन्ही उत्तरपत्रिका आम्हाला दाखवायला सांगितल्या. परीक्षा विभागातली ती खोली, भर दुपार, पंखा फुल. साहेबांनी तुमसरची पत्रिका पुढे सरकवली. अक्षर माझं. 'क्ष'चा वाकडा पाय माझा. शेवटचा प्रश्न मात्र पूर्ण सोडवलेला होता, आणि बरोबर.

वकीलबाई हळूच म्हणाल्या, "नक्कल भारी केली आहे गं. तुझं नाही ना हे?"

मी पहिल्या पानाच्या कोपऱ्यावरून बोट फिरवलं. उत्तरपत्रिकेवर देवाचं नाव लिहिलं तर कॉपीची केस होते, म्हणून दहावीपासून मी लिहायच्या आधी डाव्या कोपऱ्यात नखाने तीन चंद्रकोरी दाबते. शाई नाही, काही नाही. डोळ्यांना दिसत नाहीत, बोटाला लागतात. हे बाबांनासुद्धा माहीत नाही.

बोटाला तिन्ही लागल्या.

"नाही," मी म्हणाले. "माझं नाही."

माझ्या हॉल तिकिटावर मोहाडीच्या पर्यवेक्षक मॅडमची सही होती, ती कामी आली. तुमसरची पत्रिका अज्ञात व्यक्तीची ठरली. निकाल लागला, नोकरी मिळाली, बाबांनी गावभर पेढे वाटले. तुमसरच्या पर्यवेक्षकांनी मात्र लेखी दिलं होतं की हॉल तिकीट आणि चेहरा तपासूनच त्यांनी मुलीला बसवलं. हॉल तिकीट तर मोहाडीत माझ्या बाकावर होतं...

कोणीतरी खोडसाळपणा केला असेल, असं तुम्ही म्हणाल. असेलही. पण कोणी, कशासाठी? आणि त्या नखाच्या चंद्रकोरींचं काय? कधीकधी वाटतं, त्या सकाळी बसच्या पायरीवरून मी उतरले आणि कोणीतरी उतरलीच नाही. तिने माझ्यापेक्षा चांगला पेपर लिहिला होता. मी तिला ओळख दिली नाही म्हणून पास झाले, आणि तिचा निकाल अजून राखीवच आहे.